ताजा डाग

कागलात सुलतानबींच्या हातून बांगडी भरून घेताना आजवर एकीच्याही हातावर ओरखडा उमटलेला नाही. हे सुलतानबी स्वतःच सांगतात, तेव्हा त्यातलं थोडं वजा करून घ्यायला हरकत नाही. पण बाकीचं खरं आहे. चाळीस वर्षं त्या बांगड्या भरताहेत. पंजा हातात घेतला की माप सांगतात. अंगठा आत दुमडून, बोटं हळूच एकावर एक सरकवून सव्वादोनची बांगडी अशी चढवतात की बाई बोलता बोलता हाताकडं बघते आणि म्हणते, अगंबाई, झाल्यासुद्धा?

इतकी वर्षं हात बघितलेल्या बाईला हातावरून पुष्कळ कळतं. कोण भांडी घासते आणि कोण नुसती घासून घेते, हे त्या न विचारता सांगतील. आणखीही एक गोष्ट त्यांना कळते, ती मात्र बोलायची नसते. बांगड्या भरणारीनं घरात यावं, गोड बोलावं, शिधा घ्यावा आणि निघावं. हा नियम सुलतानबींनी जन्मभर पाळला. बहिणीच्या लेकीच्या, शबनूरच्या दंडावर नवऱ्याची चार बोटं उठलेली दिसली तेव्हासुद्धा पाळला. पुढं शबनूर मोडलेलं मनगट घेऊन कायमची माहेरी आली. तेव्हापासून सुलतानबींना स्वतःचा जो राग आला, तो अजून गेलेला नाही.

तर गणपतरावांच्या लेकीचं, पूर्णिमाचं लग्न निघालं. आदल्या दिवशी सकाळी चुडा भरायला सुलतानबींना बोलावणं गेलं. सोप्यात सतरंजी पडली, वीस-पंचवीस बायका जमल्या. सगळ्यांवर नवरीची आई शालूबाई हुकूम सोडत होत्या. पूर्णिमाचा डावा हात भरून झाला तेवढ्यात आतून एक तरणी पोर चहाचा ट्रे घेऊन आली. वैशाखाचं ऊन मी म्हणत होतं, आणि हिच्या ब्लाऊजच्या बाह्या मनगटापर्यंत, गळा बंद.

"ही कोण म्हणायची?" सुलतानबींनी विचारलं.

"सून की आमची. धैर्यशीलची बायकू, स्नेहल," शालूबाई म्हणाल्या.

"मग ये की बाळ, बस."

"तिला नको. तिला काच चालत न्हाई."

काच चालत नाही! असलं काही सुलतानबी पहिल्यांदाच ऐकत होत्या. नणंदेच्या लग्नात घरची सून प्लॅस्टिकच्या बांगड्या घालून मिरवणार? त्या तटकन उठल्या, पोरीचा हात धरला आणि बाही वर सारली.

मनगटाच्या वर एक डाग, कोपराजवळ दोन, आणि दंडावर ओळीनं चार. पिकल्या जांभळाचा रंग.

"हात सोडा तिचा!" दारातून कुणीतरी ओरडलं. धैर्यशील. हातातली पातेली तशीच टाकून तो पुढं आला.

"का सोडू?" सुलतानबींचा आवाज रस्त्यापर्यंत गेला. "बायकूला मारतोस व्हय रं? दंडाला धरून हिसडलंयस. ही बघ चार बोटं, मोजून घे!"

धैर्यशीलचं तोंड पांढरंफटक पडलं.

"चाची, तोंड सांभाळा," शालूबाई कडाडल्या. "लग्नाच्या घरात काय बोलायलाईसा?"

"त्यांनी काय केलं न्हाई हो," स्नेहल म्हणाली.

"समद्या असंच म्हणत्यात, पोरी."

"न्हाई हो चाची. माझ्या काळजाची झडप बदललीया."

तिनं गळ्याचं वरचं बटण काढलं. छातीच्या मधोमध खाली गेलेल्या व्रणाचं टोक सगळ्यांना दिसलं. अडीच महिन्यांपूर्वी कोल्हापुरात ऑपरेशन झालं होतं. लहानपणीच्या तापानं झडप खराब झाली होती. धातूची बसवली तर टिकते जास्त, पण रक्त पातळ करायची गोळी जन्मभर घ्यावी लागते, आणि पोटात बाळ असताना ती गोळी धोक्याची. म्हणून नवरा-बायकोनं जनावराच्या ऊतीपासून केलेली झडप निवडली. ती काही वर्षांनी झिजणार, पण तिच्यावर रक्ताची गुठळी होऊ नये म्हणून गोळी तीनच महिने. आता पंधरा दिवस उरले होते. रक्त पातळ असलं की जरा धक्का लागला तरी डाग उठतो. काच घुसली तर रक्त लवकर थांबत नाही.

"आणि ही चार बोटं?" सुलतानबींचा आवाज आता खाली आला होता.

"परवा जिन्यात पाय घसरला माझा. ह्यांनी दंडाला धरून सावरलं."

धरणी दुभंगून पोटात घेईल तर बरं, असं सुलतानबींना झालं. त्यांनी दोन्ही कान धरले. "चुकलं बाबा माझं. माफ कर." धैर्यशीलचे डोळे भरून आले होते. ज्या बायकोला अडीच महिने फुलासारखं जपलं, तिच्यासमोरच हे ऐकावं लागलं. कुणाला वाईट वाटणार नाही?

"पावण्यांत बोभाटा नको म्हणून झाकून ठेवलं हुतं मी," शालूबाई म्हणाल्या. "केलासा की गावभर. आता भरा बांगड्या आणि निघा."

सुलतानबी पोरीची बाही खाली करायला गेल्या आणि थांबल्या. माणूस खजील झालं म्हणून नजर थोडीच खजील होते? डाग पहिले दिवस काळाजांभळा असतो, मग हिरवट होतो, आठवड्यानं पिवळा पडून जातो. ह्या हातावर हिरवा नव्हता, पिवळा नव्हता. त्यांनी दुसरी बाही वर केली. तिथंही तेच.

"अडीच महिनं गोळी खायलीयास न्हवं? मग जुनं डाग कुठायत?"

"आधी एखादाच उठायचा," स्नेहल हळू म्हणाली. "हे समदं ह्या चार दिवसांतलं."

"दात घासताना रक्त येतंय?"

तिनं सासूकडं बघितलं आणि मान हलवली. येतंय.

"रक्त तपासत न्हाईसा व्हय रं तुम्ही?"

"दर आठवड्याला तपासतोय," धैर्यशील म्हणाला. "ह्या आठवड्यात जायचं ऱ्हायलं." तोही आईकडंच बघत होता.

"लगीन झाल्यावर जावा म्हणलो मी," शालूबाई म्हणाल्या. "चार दिसांनी काय बिघडतंय?"

धैर्यशीलनं एकदम कपाळावर हात मारला. "खोकल्याच्या गोळ्या! गेल्या आठवड्यात मेडिकलातनं मीच आणून दिल्या. न इचारता दुसरं कुठलं औषध द्यायचं न्हाई, म्हणून डॉक्टरांनी बजावलं हुतं की गं." त्यानं खिशातून किल्ली काढली. "चल. आत्ता."

"अरं, संध्याकाळी हळद हाय! उद्या अक्षता पडल्या की जावा."

"आई, जाऊ दे वहिनीला," पूर्णिमा म्हणाली. नवरीनंच तोंड उघडल्यावर पुढं कोण बोलणार? गाडी हायवेच्या दिशेनं गेली.

मग सुलतानबी बांगड्या भरत राहिल्या. पाच माणसांचं बोलणं एकट्या बोलणारी बाई, पण दोन तास त्यांच्याशी कुणी बोललं नाही आणि त्याही बोलल्या नाहीत. त्यांनी मनाशी पक्कं केलं, आता ह्यापुढं कुणाच्याही घरात तोंड उघडायचं नाही. आणि मनातल्या मनात अल्लाकडं एकच मागणं चाललं होतं, मला खोटी पाड. पोरीचं रक्त चांगलं निघू दे, कागलात मला कुणी दारात उभं नाही केलं तरी चालेल. त्या नादात एक बांगडी हातातच फुटली. अंगठ्याला रक्त आलं. त्यांनी पदरानं दाबून धरलं, मिनिटभरात थांबलं. रक्त आपलं आपण थांबतं, ह्याचं त्यांना साठ वर्षांत पहिल्यांदाच नवल वाटलं.

दोनच्या सुमाराला फोन आला. पूर्णिमाच्या दोन्ही हातांत चुडा, तिनं फोन स्पीकरवर टाकून सतरंजीवर ठेवला.

"रक्त किती पातळ हाय त्याचा आकडा दोन ते तीन पायजे," धैर्यशील सांगू लागला. "साडेआठ आलाय. आतल्या आत कुठंबी रक्त सुटलं असतं म्हणाले, डोक्यात बी. खोकल्याच्या औषधानं ह्या गोळीचा जोर वाढला. गोळी थांबवलीया, उतारा दिलाय. दोन दिवस ठेवून घेणार हायत. झडप चांगली हाय." मग त्यानं विचारलं, "चाची हायत का तिथं?"

"हाय बाबा," सुलतानबी म्हणाल्या.

"सगळ्यांदेखत मला मारकुटा म्हणालासा."

"व्हय. आता कुणाच्याच घरात बोलणार न्हाई मी."

"तसं करू नका, चाची. पुढच्या घरात दिसलं तर तिथंबी वरडा. तिथला नवरा खराच मारकुटा असंल."

सुलतानबींना हुंदका आवरेना. तेवढ्यात स्नेहलचा आवाज आला.

"चाची, चार दिवस मला लई भ्या वाटत हुतं. रात्री झोप येत न्हवती. लगीन हाय म्हणून गप बसलो."

"अगं बये!" सुलतानबी रडता रडता ओरडल्या. "लगीन नणंदेचं, जीव तुझा! मेल्यावर सांगणार हुतीस व्हय गं?"

शालूबाई मघापासून खांबाला टेकून उभ्या होत्या. त्या येऊन फोनपाशी बसल्या.

"स्नेहल," त्या म्हणाल्या. "काय खाल्लंस का गं?"

"न्हाई अजून, आत्ती."

"डबा घिऊन येतो मी."

"आवो, पर संध्याकाळी हळद हाय की."

"हळद लावायला घरभर बायका हायत." शालूबाईंनी पदरानं तोंड पुसलं. "भाजी कंची चालती गं तुला? पालेभाजी, डाळ, काय चालतं, काय न्हाई? अडीच महिनं झालं, मी अजून एकदाबी इचारलं न्हाई तुला."