मुद्दाम धरला

गप्प बसायला सांगितलं की माझं पोट दुखतं. खोटं वाटत असेल तर आमच्या घरी विचारा. मी सावळेराम. जुन्नर-आंबेगावात कुठंही बैलगाड्यांची शर्यत असो, घाटातल्या, म्हणजे गाडे पळायच्या चढावरच्या, मांडवात भोंग्यावर पुकारायला मीच असतो. गाडा कुणाचा, बैल कोणते, बारी किती सेकंदांत झाली, हे सगळं मी सांगायचं आणि पब्लिकनं टोप्या उडवायच्या. आणि असल्या माणसाला दोन हजार तीन साली, पुण्याच्या गोल्फच्या मैदानाच्या गेटात, एका रखवालदारानं तोंडावर बोट ठेवून सांगितलं, "काका, आत आवाज करायचा नाही हं."

"आवो, पन शर्यत हाय ना?"

"हो. पण शांततेत."

"शांततेत शर्यत? मंग दहाव्याला काय नाचता का तुमी?"

मागून आमच्या वाडीतल्या अंबाबाईनं माझा सदरा ओढला म्हणून, नाहीतर तिथंच आमची बारी झाली असती.

आम्ही गेलो होतो भरतसाठी. भरत म्हणजे आमच्या चांगदेवचा थोरला. आमची वाडी येडगावच्या धरणाकाठची, आणि चांगदेवची मंचरला कांदा-बटाट्याची आडत. भरतला शिकायला पुण्याला मामाकडं ठेवला. मामा गोल्फच्या मैदानावर माळी. झालं! पोरगं वर्गात कमी आणि हिरवळीवर जास्त. आधी साहेबलोकांच्या काठ्यांच्या पिशव्या उचलल्या, मग साहेबलोकांपेक्षा लांब चेंडू मारायला लागलं, आणि एक दिवस घरी येऊन म्हणालं, "आण्णा, मी आता ह्या खेळावरच पोट भरणार." चांगदेव जाम भडकला. पण सारजाबाई, म्हणजे भरतची आई, तिनं लेकाची बाजू घेतली. उन्हाळ्यात धरणाचं पाणी उतरलं की भरत उघड्या गाळात चेंडू मारायचा आणि आम्ही सगळे टमाट्याचे क्रेट घेऊन चेंडू वेचायला. अख्ख्या तालुक्यात हा खेळ आमच्याएवढा कुणाला कळत नव्हता, आणि आम्हाला अजिबात कळत नव्हता.

तर त्या वर्षी भरतचे दिवस वाईट चालले होते. ह्या खेळात दरसाल परवाना टिकवावा लागतो. ही वर्षातली शेवटची स्पर्धा, हिच्यात पहिल्या दहात आला तर पुढच्या वर्षी खेळणार, नाहीतर घरी. चांगदेवनं त्याला निक्षून सांगितलं होतं, "यंदा परवाना ऱ्हायला तर खेळ बाबा. न्हाई ऱ्हायला तर मंचरला गाळ्यावर येऊन बस. मला बी आता काट्यापाशी दिवसभर उभं ऱ्हावत न्हाई." आणि भरतनं मान हलवली होती. तीन दिवस खेळून झाले तेव्हा तो दहाव्याच्या आसपास लटकत होता. रविवार शेवटचा. आम्ही कांद्याचा टेम्पो धुतला, सतरंज्या टाकल्या आणि चांगदेव-सारजाबाई, हौशीनाना नि त्याची अंबाबाई, कोंडाबाई, गोकुळ, मी, असे सगळे निघालो.

आता हौशीनानाची ओळख करून देतो, कारण पुढं सगळा घोळ त्यानं घातला. गाडा घाट चढून वर आला की बैल काय ब्रेक लावून थांबत नाहीत. ते उधळतात. वर उभं राहून त्यांना अंगावर घेऊन धरणारा गडी लागतो, आणि आमच्याकडं तो गडी हौशीराम. त्याच्या हातून बैल निसटलेला आजवर कुणी बघितला नाही. एकदा दोन फासळ्या मोडल्या, पण कासरा सोडला नाही. ह्या माणसाचं अंग त्याला विचारून हलत नाही. समोरून काही पळत आलं की धरायचं, बस्स. ओतूरच्या स्टँडवर एकदा कुणाच्या तरी हातून ट्रॅक्टरचं टायर सुटलं, तेही ह्यानं धरलं. लोक पळाले, हा आडवा गेला. वर म्हणतो, "आलं व्हतं, मंग धरलं."

आत गेलो. काय ते गवत, अहाहा! सारजाबाई म्हणाली, "एवढ्या गवतात एक बी म्हैस न्हाई, आन् ह्यांला लाज कशी वाटत न्हाई?" झेंडा लावलेल्या शेवटच्या खड्ड्यामागं आम्हाला जागा मिळाली. पुढं दोरी, मागं उतार आणि उताराखाली तळं. जागा मीच निवडली. घाटात काय नि इथं काय, निकाल झेंड्यापाशीच लागतो.

सारजाबाई मात्र झेंड्याकडं पाठ करून बसली. "मी न्हाई बघनार. सासऱ्याचा गाडा सुटायचा तवा बी मी पाठच करायची. मी बघितलं की बैल वाट सोडून फुटत्यात. तू सांग मला, सावळेराम, तुझं तोंड कशाला हाय?"

म्हणजे बघा, वरडायचं नाही आणि पुकारायचंही! जन्मात पहिल्यांदा मी कानात पुकारलं.

"ऐक, सारजावैनी," मी कुजबुजलो, "एक लाल पँटवाला आलाय. आता तो खाली बसला. चेंडूकडं बघतोय. उठला. दुसऱ्या बाजूनं बसला. बेल्ह्याच्या बाजारात बैलाचे दात बघायला बी कुनी एवढा येळ लावत न्हाई. आता उभा ऱ्हायला... काठी मागं नेली... न्हाई, परत बसला."

"आजारी हाय का?"

"लई मोठा खेळाडू हाय म्हनं. मारला! चेंडू खड्ड्याच्या कडंला जाऊन थांबला, आन् हा आभाळाकडं असा बघतोय जशी देवानंच फुंकर मारली."

मग एक उंच गडी आला, त्यानं चिमूटभर गवत उपटून वाऱ्यावर सोडलं. आम्ही खळ्यावर उफणायच्या आधी माती सोडतो तसंच अगदी. मला तो माणूस आवडला. त्यानं चांगला फटका मारला तर लोकांनी टाळ्या वाजवल्या, पण त्या टाळ्या तरी कसल्या! आमच्या घरी भाकरी थापली तर ह्याच्यापेक्षा जास्त आवाज होतो. एका जाड्या गड्याचा फटका चुकला तर त्यानं काठीलाच शिव्या घातल्या, इंग्रजीत, अगदी हळू. काठी वाहणारा दुसराच माणूस, तोच बिचारा खाली मान घालून उभा. गाडा हरला की आमच्याकडंही बैलांना कुणी बोलत नाही, कासरा धरणाऱ्याला बोलतात.

चांगदेवला एक गोष्ट मात्र आमच्याआधी कळली. ज्याला कमी फटके लागतात तो पुढं, हे आम्हाला मागाहून घाटातल्या सेकंदांवरून उमगलं, पण हा म्हणाला, "सोपं हाय की. आवक कमी, भाव जास्त." आणि त्यानंतर तो मोठ्या फलकाकडं असा बघत बसला जसा सकाळी सकाळी बाजारभावाकडं बघतो. ओठ हलत होते. माणूस परवाना जावा म्हणून बघतोय का राहावा म्हणून, ते काही चेहऱ्यावरून कळेना.

भरत शेवटच्या खड्ड्यावर आला तेव्हा हिशोब अगदी स्वच्छ होता. चार फटक्यांत चेंडू आत गेला तर परवाना. पाच लागले तर मंचर.

"आला का?" सारजाबाईनं विचारलं. तिनं पदराचा बोळा तोंडात धरला होता.

"आला. लांब हाय अजून. पयला मारला... झकास! मदोमद पडला. चालत येतोय. पन वैनी, तोंड सुकलंय पोराचं. खांदे बघ, शिमिटाची गोणी घेतल्यागत आवळल्यात."

दुसरा फटका त्यानं मारला. चेंडू जोरात आला. हिरवळीवर टप्पा पडला, झेंडा ओलांडला आणि थांबायचं नावच घेईना. सुटलेल्या गोऱ्ह्यासारखा दोरीखालून आत शिरला, कोंडाबाईच्या पायांमधून गेला, उताराला लागला. खाली तळं.

आणि हौशीनाना आडवा गेला.

कुणाला काही कळायच्या आत म्हातारा पालथा पडला होता, दोन्ही हात पुढं, आणि हातांच्या ओंजळीत तो पांढरा चेंडू. तळं त्याच्यापुढं हातभर. आम्ही इतका वेळ कोंडून धरलेलं सगळं एकदम बाहेर पडलं, "धरलाऽऽऽ!" टोप्या उडाल्या. गोकुळनं शिट्टी घातली. शांततेच्या पाट्या धरलेली माणसं आमच्याकडं अशी बघत होती जशी देवळात कोंबडी शिरली.

पांढऱ्या टोपीतल्या एक पंचबाई आल्या. शांत बाई, बिनचूक मराठी. भरतही धापा टाकत आला. बाईंनी त्याला सगळ्यांना ऐकू जाईल असं सांगितलं, "चेंडू चुकून कुणाच्या अंगाला लागून थांबला असेल, तर जिथं थांबला तिथूनच खेळायचं, दंड नाही. पण कुणी मुद्दाम अडवला असेल, तर तो जिथं गेला असता तिथं गेलाच असं समजायचं. म्हणजे तळ्यात. एका फटक्याचा दंड." मग त्या हौशीनानाकडं वळल्या. "काका, हे चुकून झालं का?"

हे ऐकलं आणि आमच्या अख्ख्या वाडीला एकदम खोकला लागला. गोकुळ डोळे मिचकावतोय, कोंडाबाई मान हलवतेय, मी तर नानाच्या पायावर पाय दिला. चुकून म्हण, बाबा! एक शब्द! चुकून म्हटलं की उरलेले दोन फटके निवांत, आणि पोरगं परवाना घेऊन घरी.

तेवढ्यात चांगदेव पुढं झाला. होय, चांगदेवच. घाम पुसत म्हणाला, "बाई, म्हातारा मानूस हाय, उताराला पाय घसरला त्याचा. मी सोता बघितलं." जन्मभर काट्यात गुंजभर इकडची तिकडं न केलेला माणूस, पोरगं गाळ्यावर यावं म्हणून हटून बसलेला बाप, त्या पोराला खेळात ठेवायला पंचांपुढं धडधडीत खोटं बोलत होता. भरत बापाकडं बघतच राहिला.

पण हौशीनानाचं नाक फेंदारलं.

"घसरला? माझा पाय?" तो उठून उभा राहिला, धोतराला लागलेलं गवत झटकलं. "चांगदेवा, आरं उधळलेल्या बैलापुढं माझा पाय कधी घसरला न्हाई, आन् ह्या लिंबाएवढ्या चेंडवापुढं घसरंल? बाई, मुद्दाम धरला. आन् परत आला तर परत धरीन."

संपलं! कोंडाबाईनं कपाळाला हात लावला. मला नानाला त्याच तळ्यात ढकलावंसं वाटलं, देवाशपथ. बाईंनी मान डोलावली, "तळ्यात," म्हणाल्या आणि तळ्याकाठची जागा दाखवली. दोन फटके झाले, दंडाचा तिसरा. आता एकच उरला. चढावरून, लोकांच्या मधून, थेट खड्ड्यात.

आणि भरत हसायला लागला. आधी खुदकन, मग पोट धरून. त्या दिवशी त्याचं तोंड पहिल्यांदा खुललेलं दिसलं. "नाना," तो म्हणाला, "एक नंबर धरला! फकस्त आता पुढचा धरू नका."

"न्हाई धरत," नाना म्हणाला. पण त्याच्यावर कुणाचा भरवसा? त्याच्या बायकोनं, अंबाबाईनं, त्याचे दोन्ही हात मागून धरून ठेवले.

"सावळेराम, बोल की," सारजाबाई म्हणाली. पोरगं आता तळ्याकाठी, म्हणून तिनं तिकडंही पाठ केली होती आणि नुसती माझ्या तोंडाकडं बघत होती.

"तळ्याकाठी उभा हाय. बापाकडं बघितलं त्यानं. चांगदेवनं हात जोडल्यात, देवाला का पोराला ते ठावं न्हाई. वैनी, खांदे सैल झालेत. धरणाच्या गाळात मारायचा ना, तसा उभा हाय अगदी. काठी उचलली... मारला. वर गेला. पडला... येतोय... येतोय..."

आणि माझं तोंड बंद पडलं. उभ्या घाटाला रात्र होईस्तोवर ऐकवणारा मी, मला एक शब्द फुटेना. चेंडू हिरवळीवरून रांगत गेला, झेंड्याच्या काठीला टेकला आणि गडप झाला.

"काय झालं? आरं सांग ना, मुडद्या! ग्येला का?"

माझे ओठ हलले, आवाज आला नाही. डोळ्यांतून पाणी मात्र यायला लागलं. तिनं ते बघितलं, आणि तिचा जीव अर्धा झाला.

तेवढ्यात अंबाबाईच्या हातातून हौशीनाना सुटला. तळ्याकडून भरत चढावर धावत येत होता, काठी फेकून, हात पसरून, थेट आमच्याकडं. समोरून काही पळत आलं की ह्या माणसाचं अंग त्याला विचारत नाही. म्हाताऱ्यानं त्याला अंगावर घेतला, कमरेत मिठी घातली, उचलला आणि मैदानभर ऐकू जाईल असा ओरडला,

"धरलाऽऽऽ!"

तेव्हा सारजाबाई वळली. पहिल्यांदाच. तिचा लेक नानाच्या खांद्यावर, आणि खाली चांगदेव, त्याचा एक पाय छातीशी धरून रडतोय. शांततेच्या पाट्यावाले पाट्या काखेत मारून टाळ्या वाजवत होते, भाकरीच्या नव्हे, चांगल्या कडाडून. तिनं पोराला डोळे भरून बघितलं, मग नवऱ्याकडं वळली.

"काय वो, आन् मंचरच्या गाळ्याचं?"

चांगदेवनं नाक पुसलं. "गडी ठेवू की," तो म्हणाला.