पाठमोरा

मावशी खोटं बोलत नाही. हीच तर पंचाईत आहे.

आई गेल्यावर तिनेच आम्हा दोघा भावांना वाढवलं. आणि तिच्याच साक्षीवर दादाला जन्मठेप झाली. आमच्या खालच्या मजल्यावर एक चावीवाला राहायचा. त्याला जिन्यात कुणीतरी भोसकलं. ओरडा ऐकून मावशीने दार उघडलं, कठड्यावरून वाकून पाहिलं. राखाडी शर्टातला माणूस खाली पळत होता, पाठमोरा. पोलिसांनी विचारलं, कोण? ती म्हणाली, "आमचा थोरला." दादाचं चावीवाल्याशी आदल्याच दिवशी भांडण झालेलं. संपलं मग.

दुसरा साक्षीदार नाही. सुरी सापडली नाही. सगळी केस एका पाठीवर उभी. दादा म्हणतो, मी नव्हतो. एवढंच म्हणतो.

आता अपील. वकीलबाई नवीन आहेत. त्यांनी मला ऑफिसात बोलावलं.

"तुम्ही दोघं एकाच दुकानात ना?"

"हो. वॉशिंग मशीन दुरुस्ती."

"शर्ट?"

"दुकानाचाच. राखाडी."

त्यांनी मावशीच्या साक्षीतल्या एका ओळीवर बोट ठेवलं. मागून दोघं सारखेच दिसतात, पण मी चुकणार नाही, असं ती उलटतपासणीत म्हणाली होती. जुन्या वकिलाने ते तिथेच सोडून दिलं होतं.

"मी नाही सोडणार," बाई म्हणाल्या. "चेहरा दिसलाच नाही. जिन्यात उजेड कमी. भांडण ताजं, म्हणजे मनात आधीच थोरला. त्या खोटं बोलतात असं मी म्हणणारच नाही. खरं बोलणारा माणूसही चुकतो, एवढंच."

माझा जीव भांड्यात पडला. म्हटलं, भारी!

"भारी काय? थोरला नसेल तर धाकटा असू शकतो. मी हे बोलणार नाही, पण न्यायाधीशांना सुचल्याशिवाय राहणार नाही. तुम्ही कुठे होता तेव्हा?"

एका गिऱ्हाइकाच्या बंद दाराबाहेर बसलो होतो, पान्यांची पिशवी मांडीवर घेऊन. गिऱ्हाईक आलंच नाही. मला कुणी पाहिलं नाही. तेव्हा कुणी विचारलंही नाही.

"पोलीस परत मागे लागतील?"

"सहसा नाही लागत. लागू शकतात."

"दुसरा मुद्दा आहे का?"

"याच्या तोडीचा नाही. म्हणून तर विचारतेय. मांडू?"

मांडा म्हणालो. शूर वगैरे नाही हो मी. पण सख्खा भाऊ आत आणि मी नाही म्हणू? कुठल्या तोंडाने?

घरी मावशीला सांगितलं. ती कपड्यांच्या घड्या घालत होती.

"म्हणजे मी खोटी ठरणार?"

"खोटी नाही गं. चुकलीस, एवढंच."

"एवढंच होय? चुकले असेन तर पोटच्यासारख्या पोराला मीच आत घातलं. चुकले नसेन तर तो खुनी. सांग, यातलं काय खरं ठरू देऊ?"

"मावशी, तू फक्त पाठ पाहिलीस."

"मग काय पाठीवर पाटी लावून पळणार होता तो?" ती चिडून म्हणाली. मला हसू आलं, तिलाही आलं. मग ती पुन्हा घड्या घालू लागली.

कोर्टात आम्ही मागच्या बाकावर शेजारी शेजारी बसलो होतो. वकीलबाईंनी ती ओळ वाचली. न्यायाधीशांनी चष्मा काढला आणि विचारलं, "धाकट्या भावाची चौकशी झाली होती?"

"नाही."

फक्त दोन वाक्यं झाली. पण मावशीने मान वळवून माझ्याकडे पाहिलं. लहानपणापासून ती मला बघत आलीय. असं कधी पाहिलं नव्हतं.

दादा सुटला. संशयाचा फायदा. शेजारी अभिनंदन करून गेले आणि दारं लावून बसले. आम्ही तिघं पुन्हा त्याच दोन खोल्यांत. दादा फारसं बोलत नाही. मावशी दोघांना सारखं वाढते, आणि आम्ही जेवत असताना नुसती बघत बसते.

परवा मी ओट्याशी कप विसळत होतो. मागून तिचा आवाज आला, अगदी हळू.

"मी पाहिला तो तू होतास का रे?"

"नाही, मावशी."

"तोही नाहीच म्हणतो."

मी वळलो. दादा दारात उभा होता, खांद्यावर टॉवेल. त्याने सगळं ऐकलं होतं. मी त्याच्याकडे बघत राहिलो. त्याने नुसतं म्हणायचं होतं, अगं, हा कसा असेल! उगीच, माझी बाजू घ्यायची म्हणून तरी. मी त्याच्यासाठी मान पुढे केलीच होती की.

त्याने माझ्याकडे पाहिलं. मग मावशीकडे.

"चहा उरलाय का?" म्हणाला.

मावशीने गॅस लावला.