निडरमोलच्या विहिरीजवळचे शंभर जण

युद्धात माणसं गोळीने मरतात असा लोकांचा समज आहे. मी कंपनीचा शिंपी, कास्पार वेन्झलाउ. माझा अर्धा जीव गुंड्यांनी घेतला आणि उरलेला टोपीवरच्या बिल्ल्यांनी.

एकोणीसशे सोळाचा हिवाळा होता. आम्ही बरोबर शंभर जण, सगळे चाळिशी ओलांडलेले, प्रशियातल्या एका रेल्वेपुलावर पहारा देत होतो. पूल कुणीतरी पळवून नेईल अशी सरकारला भीती होती. आम्हाला पुलाची काळजी नव्हती. आम्हाला भीती होती ती श्ट्रुंकची.

श्ट्रुंक आमचा सार्जंट मेजर. आमच्या सैन्यात या हुद्द्याच्या माणसाला कंपनीची आई म्हणतात. हे नाव ज्याने ठेवलं त्याची स्वतःची आई कशी होती कोण जाणे. कोटाच्या दुसऱ्या आणि तिसऱ्या गुंडीच्या मधे श्ट्रुंक एक जाडजूड वही खोचून ठेवायचा आणि तिच्यात आमची सगळ्यांची पापं लिहायचा. वहीमुळे त्या दोन गुंड्यांवर असा ताण यायचा की दर पंधरा दिवसांनी त्या मीच पुन्हा लावत असे. कप्तानसाहेब गुडघे शेकायला गरम पाण्याच्या झऱ्यांवर गेले होते ते तिकडेच रमले, त्यामुळे कंपनीचा मायबाप सगळं श्ट्रुंकच.

आता बिल्ल्याचं सांगतो. आमच्या टोपीवर पुढे दोन गोल बिल्ले असतात. वरचा साम्राज्याचा, तो सगळ्यांना सारखा. खालचा ज्याच्या त्याच्या संस्थानाचा. प्रशियाच्या माणसाचा काळा-पांढरा, बव्हेरियाच्या माणसाचा पांढरा-निळा, असं. माणूस नोकरी कुठेही करो, खालचा बिल्ला आपल्याच राजाचा लावायचा. आम्ही नव्व्याण्णव जण प्रशियाचे होतो. शंभरावा ओटमार क्नोल. तो ग्रेल्सबाखचा होता.

ग्रेल्सबाख हे संस्थान एवढंसं आहे की न्याहारी करून चालायला लागलं तर जेवायच्या वेळी माणूस दुसऱ्याच्या राज्यात असतो. पण राजा आहे, आणि राजा आहे म्हणून बिल्ला आहे, हिरवा-पिवळा. क्नोलचा बिल्ला पुलाच्या कठड्यावरून वाकून थुंकताना नदीत पडला. आणि तोही कधी, तर लग्नाच्या रजेचा अर्ज केल्यावर दुसऱ्याच दिवशी.

"वेश पुरा नाही, रजा नाही," श्ट्रुंक म्हणाला.

"साहेब, एवढासा बिल्ला," क्नोल म्हणाला.

"एवढासा? अरे, वरच्या बिल्ल्याने तू जर्मन आहेस हे कळतं. खाली मोकळं. म्हणजे तू कुठलाच नाहीस. कुठलाच नसलेल्या माणसाला मी कुठे पाठवू?"

मी म्हटलं, "साहेब, पत्र्याची चकती कापून रंगवून देतो, तासाभराचं काम."

"ती खात्याची नसेल," असं म्हणून श्ट्रुंकने माझंच नाव वहीत लिहिलं.

क्नोल चव्वेचाळीस वर्षांचा, गोल, आणि रडायला लागला की आणखी गोल दिसायचा. त्याची वाग्दत्त वधू आल्विना निडरमोल गावची विधवा. तिने लग्न दोनदा पुढे ढकललं होतं. आता तिचं पत्र आलं. ते त्याने मला इतक्या वेळा वाचून दाखवलं की मला पाठ झालं. 'महिन्याच्या शेवटच्या शनिवारी दुपारी चार वाजता मी चर्चमध्ये उभी असेन. तुम्ही नसलात तर चक्कीवाल्या रुम्फला हो म्हणेन. त्याला दमा आहे, पण निदान त्यामुळे तो घरी तरी असतो.'

"दम्यापुढे मी हरणार, कास्पार," क्नोल म्हणाला.

"नाही हरणार. मी आहे ना," मी म्हटलं. इथेच माझी चूक झाली.

मी गणवेश भांडाराला अर्ज लिहिला. ग्रेल्सबाखचा बिल्ला, नग एक. उत्तर आलं की बिल्ले शंभराच्या खोक्यातच मिळतात, खोकं फोडता येत नाही. मी लिहिलं, ठीक आहे, नग शंभर. उत्तर आलं की आपण बिल्ले मागता शंभर आणि यादीत ग्रेल्सबाखचा माणूस दाखवता एक, तरी दोन्ही आकडे जुळवून पाठवावेत.

मग मी आकडे जुळवले. कंपनीची यादी घेतली आणि प्रत्येकाच्या नावापुढे 'ग्रेल्सबाख' लिहून टाकलं. श्ट्रुंकच्याही. वाटलं, खोकं येईल, एक बिल्ला काढू, नव्व्याण्णव परत पाठवू, कोण बघतंय. श्ट्रुंकने खालचे दोन आकडे बोटाने ताडून पाहिले, शंभर आणि शंभर, आणि सही ठोकली. आकडे जुळले की त्या माणसाच्या चेहऱ्यावर जे समाधान यायचं ते मी तान्ह्या मुलांच्याच चेहऱ्यावर पाहिलंय, दूध प्यायल्यावर.

खोकं लग्नाच्या आधीच्या बुधवारी आलं. त्याबरोबर चिठ्ठी होती की आपल्या शंभर ग्रेल्सबाखकरांनी हे ताबडतोब लावावेत, नाहीतर वेश अपुरा धरला जाईल. श्ट्रुंकने चिठ्ठी वाचली. मग यादी काढून वाचली. मग माझ्याकडे असा बघत राहिला की मी मनातल्या मनात तुरुंगात जाऊन आलो.

"वेन्झलाउ, यावर माझी सही आहे."

"हो साहेब."

"माझी सही असलेला कागद चुकीचा असू शकत नाही. टोपी चुकीची असू शकते. उद्या सकाळपर्यंत सगळ्या टोप्या बरोबर कर."

नव्व्याण्णव टोप्यांवरून मी प्रशिया उतरवला आणि ग्रेल्सबाख चढवला. बोटांची चाळण झाली. क्नोल मात्र नव्या बिल्ल्याची टोपी घालून आरशासमोर हसत होता. शुक्रवारी दुपारच्या गाडीने निघायची त्याची रजा मंजूर झाली होती.

गुरुवारी तार आली. आपले शंभर सुपुत्र एकाच पुलावर आहेत हे ऐकून ग्रेल्सबाखच्या महाराजांना अत्यानंद झाला होता, आणि ते शनिवारी सकाळी दहा वाजता त्यांना भेटायला जातीने येणार होते. तारेच्या मागोमाग वरच्या कचेरीचा हुकूम आला. 'सर्व रजा रद्द. महाराजांची भेट संपेपर्यंत त्यांच्या संस्थानाच्या प्रत्येक सैनिकाने त्यांच्यासमोर हजर राहावे.'

क्नोल माझ्या शिवणाच्या टेबलाखाली जाऊन बसला आणि बाहेर येईना.

"अरे, बाहेर ये. आम्हाला ग्रेल्सबाख शिकव," मी म्हटलं. "महाराज विचारतील ना कुठल्या गावचे म्हणून."

"मला रुम्फचा दमा दिसतोय डोळ्यांसमोर," तो आतूनच म्हणाला.

शेवटी शुक्रवारी दुपारी त्याने सगळ्यांना रांगेत बसवून संस्थानातली सहा गावं सांगायला घेतली. पण क्नोल शिकवणार काय, तर निडरमोल. निडरमोलचं चर्च, निडरमोलची विहीर, विहिरीजवळ आल्विनाचं घर. बाकीच्या पाच गावांपर्यंत पोचेतो त्याला हुंदका आला आणि शाळा सुटली.

शनिवारी दहा वाजता महाराज आले. एका डब्याची गाडी, तिच्यातून एक म्हातारा माणूस उतरला. गणवेश जनरलचा, पण आत माणूस अर्धाच उरलेला. खांदे निदान चार बोटं आत घ्यायला हवे होते, हे मला तेव्हाही दिसलं. बरोबर आणलेली लिव्हर सॉसेजची टोपली त्यांनी कुणाच्या हाती दिली नाही, स्वतःच धरली. ते पहिल्या माणसापाशी थांबले.

"कुठल्या गावचा रे तू?"

"निडरमोल, महाराज."

"निडरमोलात कुठे?"

"विहिरीजवळ."

महाराजांनी त्याचा हात हातात घेतला, सॉसेज दिलं आणि पुढे सरकले. दुसराही निडरमोलचा, विहिरीजवळचा. तिसरा तसाच. अकराव्याने गोंधळून 'विहिरीत' असं सांगितलं. महाराजांनी त्यालाही सॉसेज दिलं. मी रांगेत चौदावा. क्नोल तर पार शेवटी होता, कारण रांग उंचीप्रमाणे लावतात.

"आणि तू?"

"निडरमोल, महाराज. विहिरीजवळ."

"त्या विहिरीजवळ तीन घरं आहेत," महाराज हळूच म्हणाले. "मी आजवर प्रत्येक घरी जेवलोय."

श्ट्रुंक त्यांच्या मागे वही धरून उभा होता आणि त्याच्या मानेवरून घाम कॉलरात उतरत होता.

"मी एकसष्ट मुलं पाठवली," महाराज म्हणाले. "चौतीस घरांना माझ्या हाताने पत्रं लिहिली. सांत्वनाची. आणि मग एकदम कागद आला की शंभर आहेत. मला वाटलं, मेलेल्यांचा आकडा चुकला असेल कुठेतरी. म्हातारं माणूस काय, आशा करत राहतं."

मला इतकी लाज आयुष्यात कधी वाटली नव्हती. म्हटलं, आता तुरुंग तर तुरुंग.

"महाराज, तुमचा इथे एकच आहे. बाकी सगळा माझा उपद्व्याप. तो शेवटी उभा आहे, क्नोल. आज चार वाजता त्याचं लग्न आहे."

"आल्विनाचा क्नोल?" महाराजांनी मान वर केली. "अरे, मीच तिला चर्चमध्ये हाताला धरून नेणार आहे, तिला वडील नाहीत. नवरामुलगा कालच घरी पोचला असेल असं मी धरून चाललो होतो. सार्जंट मेजर, या माणसाला सोडा."

श्ट्रुंकचं तोंड पांढरं पडलं. "सोडता येत नाही, महाराज. सर्व रजा रद्द आहेत. आपल्याच भेटीमुळे."

मग त्याने वही उघडली, हुकूम काढला आणि ओठ हलवत वाचायला लागला. आम्ही सगळे उभे, पहिले तेरा जण सॉसेज हातात धरून. त्याने तो तीनदा वाचला असेल. शेवटी टाच टाचेवर आपटून ताठ उभा राहिला.

"महाराज, हुकमाप्रमाणे आपली भेट संपेपर्यंत सैनिक क्नोल आपल्यासमोर हजर राहायला बांधलेला आहे. आपण गाडीत असाल तर गाडीत. चर्चमध्ये असाल तर चर्चमध्ये. भेट कधी संपते हे मला अजून कुणी कळवलेलं नाही."

"सोमवारी संध्याकाळी संपते," महाराज म्हणाले.

श्ट्रुंकने ते वहीत लिहून घेतलं.

मला वाटलं म्हातारा आता क्नोलला घेऊन निघेल. पण ते माझ्या पुढच्या माणसापाशी गेले आणि त्याला विचारलं, कुठल्या गावचा. त्याने आता खरं सांगावं की खोटं हे न कळून माझ्याकडे बघितलं, आणि मग निडरमोल म्हणाला. महाराजांनी त्याचा हात धरला. त्याच्या पुढच्याचा धरला. एकूण एक माणसाला त्यांनी तेच विचारलं, तेच उत्तर मान हलवत ऐकलं, आणि कुणाचाही हात घाईने सोडला नाही. शेवटी श्ट्रुंकपाशी आले.

"तुम्ही, सार्जंट मेजर?"

श्ट्रुंक प्रशियातल्या पोमेरानियाचा. जन्मात खोटं बोललेला नाही, त्याला ते जमतच नाही. त्याने वही मिटली.

"निडरमोल, महाराज," तो म्हणाला.

गाडी सव्वाबाराला सुटली, क्नोल खिडकीत, रडून आणखी गोल झालेला. ती वळणाआड गेल्यावर मी श्ट्रुंकला विचारलं की आता बिल्ले काढून जुने लावू का.

"कशाला?" तो म्हणाला. "त्यांनी त्यांच्यात मोजलंय आपल्याला."