तीन जागांचा बाक

मी एक जुना लाकडी बाक आहे. सध्या उपाहारगृहाबाहेरच्या बोळात भिंतीला टेकून उभा असतो. येणारेजाणारे माझ्यावर पाय ठेवून बुटाची नाडी बांधतात. पण मित्रांनो, एके काळी मी देशाच्या वरिष्ठ सभागृहात होतो, आणि एक अख्खे राज्य माझ्यावर बसत असे.

तुम्ही म्हणाल, राज्य कसे बसेल? सांगतो. खालच्या सभागृहात लोकसंख्येचा जोर चालतो. ज्यांची माणसे जास्त, त्यांचे हात जास्त. त्या गलक्यात लहान राज्यांचा आवाज बुडू नये म्हणून वरचे सभागृह काढले. प्रत्येक राज्याच्या विधानसभेने आपली माणसे निवडून तिथे पाठवायची. आमचे राज्य पार कडेला, एका नदीच्या दोन्ही काठांवर वसलेले. त्याला तीन जागा मिळाल्या, म्हणून मला तिघांच्या मापाने बनवले.

मला घडवणारा सुतार मोठा चिकित्सक होता. पाठ टेकायची फळी त्याने चार वेळा काढून पुन्हा बसवली. साहेब लोक गादीचा आग्रह धरू लागले, तेव्हा तो म्हणाला, "गादी कशाला? इथं माणसानं जागं राहायला हवं ना!" साहेब हसले. गादी मात्र करायची राहूनच गेली.

माझ्यावर पहिल्यांदा बसलेले तिघे मला अजून आठवतात. एक होत्या गणिताच्या शिक्षिका. त्यांना सगळे 'बाई' म्हणत. दुसरे डॉक्टर, सतत थट्टा करणारे. तिसरे आप्पा, ज्यांनी उभी हयात नदीवर होड्या चालवल्या होत्या. आप्पांना माझ्यावर बसणे सुरुवातीला जमेना. "हे हलत नाही हो," असे म्हणून ते उगाच डोलत राहायचे.

आमच्या राज्याच्या वाट्याला भाषणासाठी सात मिनिटे यायची. एकदा सरकारने कायदा आणला, की वीसपेक्षा कमी मुले असलेल्या शाळा बंद कराव्यात. बाई रात्रंदिवस कागद वाचत होत्या, पण प्रत्यक्ष उभे राहायची वेळ आली तेव्हा त्या कागद चाळतच बसल्या. 

डॉक्टर हळूच म्हणाले, "बोलेल त्याची बोरं विकतात, बाई. उठा आता."

बाई उठल्या. त्यांनी भाषण केलेच नाही. आमच्या राज्यातल्या लहान शाळांची नावे आणि तिथून पुढची शाळा किती मैलांवर, एवढेच त्या वाचत गेल्या. घंटा झाली तेव्हा अर्धी यादी उरली होती. तेव्हा समोरच्या मोठ्या राज्याचे एक वयस्कर सदस्य उभे राहिले. "माझी वेळ बाईंना द्या," ते म्हणाले, "मला यादी पुरी ऐकायची आहे." तो कायदा बदलला. आमच्या शाळा राहिल्या. त्या दिवशी सभागृहातल्या शिपायांनी, ज्यांना सगळे मामा म्हणत, मला दोनदा पुसले. इतका मान मला पुन्हा कधी मिळाला नाही.

पुढे दिवस पालटले. आप्पा थकले आणि घरी परतले. डॉक्टर एका हिवाळ्यात गेले. बाईंनी दोन मुदती पुऱ्या केल्या आणि त्या आपल्या शाळेत परत गेल्या. मग नवी जनगणना झाली; वरच्या सभागृहातल्या जागाही थोड्याफार तिच्यावरच ठरत. आमची तरुण माणसे कामधंद्यासाठी बाहेर गेली होती, म्हणून आमच्या तीन जागांच्या दोन झाल्या. माझ्या तिसऱ्या जागेवर शेजारच्या राज्याचे सदस्य आपल्या पिशव्या ठेवू लागले.

त्यानंतर नियमही बदलला. सदस्य त्याच राज्यात राहणारा असावा, ही अट काढून टाकली. मग आमच्याकडून एक कारखानदार निवडून आले. त्यांचा साबणाचा कारखाना देशाच्या दुसऱ्याच टोकाला होता, म्हणून मामा त्यांना पाठीमागे 'साबणवाले साहेब' म्हणत. पहिल्याच दिवशी त्यांनी मामांना विचारले, "आपलं राज्य नदीच्या अलीकडं येतं की पलीकडं?"

मामा म्हणाले, "दोन्हीकडं, साहेब."

माणूस वाईट नव्हता हो. सगळ्यांशी गोड बोले. त्यांनी मला चामड्याची गादी करून दिली, आणि खरे सांगतो, मी हरखलो. इतर बाकांसमोर मिरवलो. त्या मऊ गादीवर साहेबांना छान झोप लागे, तीही मला कौतुकाची वाटे. त्याची लाज वाटते, हे मी आज कबूल करतो.

दुसरी जागा रिकामीच होती. आमच्या विधानसभेत दोन गटांचे जमेना, आणि नाव ठरता ठरेना. चौदा महिने झाले. अशात नदीचा कायदा आला. आमच्या नदीचे पाणी वरच्या अंगाला वळवून शेजारच्या राज्यातल्या कारखान्यांना द्यायचे, असा तो कायदा होता.

मतदानाच्या दिवशी प्रेक्षकांच्या सज्जात मला बाई दिसल्या. केस पांढरे झाले होते, हातात काठी होती. दोन दिवसांचा प्रवास करून त्या आल्या होत्या. सज्जातून कोणाला बोलता येत नाही, हात वर करता येत नाही. त्या कठड्याला धरून माझ्याकडे पाहत होत्या. माझ्यावर कोणीच नव्हते.

हात मोजले गेले. कायद्याच्या बाजूने अठ्ठ्याहत्तर, विरोधात सत्त्याहत्तर. मते समान पडली तर कायदा फेटाळला जातो, असा तिथला नियम होता. आमचा एक हात पुरला असता. एकच!

सभागृह उठल्यावर माजी सदस्यांना आत यायची मुभा असे. बाई काठी टेकत आल्या आणि आपल्या जुन्या जागी बसल्या. मामा जवळ येऊन उभे राहिले.

"मामा, आमचे साहेब कुठं आहेत?"

"लग्नाला गेलेत, बाई. पुतणीच्या."

बाईंनी काठी मांडीवर आडवी ठेवली. मग म्हणाल्या, "पोरगी सुखात राहो. तिचा काय दोष!"

"दोष साहेबांचाच की," मामा चिडून म्हणाले.

"त्यांचा आहेच. पण मामा, विधानसभेपुढं ठेवलेल्या त्यांच्या शिफारसपत्रावर पहिली सही माझी आहे."

मामांनी हातातले फडके खाली ठेवले.

"त्यांनी शाळेला नवं छप्पर घालून दिलं होतं. माझ्याकडं आले, म्हणाले, बाई, तुमची सही असली की कोणी नाही म्हणणार नाही. मला कळत होतं, यांना आमच्या नदीशी काही देणंघेणं नाही. पण पोरांच्या डोक्यावर पाणी गळत होतं. वाटलं, एका सहीनं काय बिघडतंय?" त्यांनी चष्मा काढून पदराने पुसला. "आयुष्यभर पोरांना शिकवलं, एकची चूक पुढं शंभराची होते. आणि मीच चुकले."

 मामांनी बाईंसाठी पाण्याचा पेला आणला. बाईंनी तो घेतला, पण प्यायल्या नाहीत.

नदी दोन वर्षांत उतरली. आप्पांच्या मुलांनी होड्या काठावर पालथ्या घातल्या, असे पुढे कोणीतरी मामांना सांगत होते. माणसे आणखी बाहेर गेली, आणि पुढच्या जनगणनेत आमच्या राज्याची एकच जागा उरली. मग सभागृहच नव्या इमारतीत गेले. तिथे एकेकट्या खुर्च्या आहेत. मला इथे आणून ठेवले.

मित्रांनो, मला रंग लावा, असे मी म्हणणार नाही. नाडी बांधायला पाय ठेवलात तरी चालेल, लाकडाला त्याचे काही वाटत नाही. मागणे एकच आहे. उद्या तुम्ही मोठे व्हाल, आणि तुमच्या नावाने कुठेतरी दूर एक खुर्ची मांडलेली असेल. तिच्यावर कोण बसणार हे ठरत असेल, तेव्हा कोणी गोड बोलून तुमच्यापुढे कागद ठेवील, हाती पेन देईल. घाई करू नका. त्या माणसाला आधी तुमच्या गावची वाट विचारा. सांगता आली, तरच पेनाचे टोपण काढा.