बोर्डावरचा ओघळ

आमच्या शिवणदुकानाचा बोर्ड ह्यांनी स्वतः रंगवला होता: ‘माई टेलर्स’. माई म्हणजे मीच. हे गेले, आणि ह्यांच्या हातचं तेवढंच राहिलं. त्याच्याही पत्र्याची गंजून चाळण झाली. नवा बोर्ड करा, पण अक्षरं तीच हवीत, असं मी सगळ्यांना बजावलं.

सून म्हणाली, "जुन्याचा फोटो काढून त्याच वळणाचा फॉन्ट बनवते." बनवलाही, अगदी हुबेहूब. तेव्हाच मनात पाल चुकचुकली. ही एवढी गुणाची कधीपासून झाली?

छापखान्यातून नमुना आला, तर अक्षरं भलतीच. औषधाच्या बाटलीवर असतात तसली ठोकळी.

"आज ह्यांचं वळण गेलं, उद्या माझं नाव जाईल."

"आई, मी नाही हो बदललं!"

"मग काय भुताने बदललं?"

मुलगा म्हणाला, "वाचता येतंय ना? झालं तर."

"तू काजं कर. बायकोची वकिली नको."

सुनेला लॅपटॉपसकट छापखान्यात नेलं. फाइल एकच, पण तिच्या पडद्यावर ह्यांची अक्षरं आणि छापणाऱ्याच्या पडद्यावर ठोकळे. घरात एक, बाहेर एक! दोघांचं साटंलोटं असणार.

छापणारा म्हणाला, "माई, तो फॉन्ट माझ्या मशीनमध्ये नाही. फाइलबरोबर आला नाही, म्हणून मशीनने स्वतःकडचा लावला."

"न विचारता? कापड कमी पडलं तर मी गिऱ्हाइकाला विचारते. दिसेल ते फडकं जोडत नाही."

तो मान खाजवायला लागला. "विचारलं होतं मशीनने. मी न वाचताच ओके दाबलं."

सून म्हणाली, "मीही फॉन्ट पाठवायला हवा होता. आता अक्षरांचे चित्रासारखे आकारच करून देते, मग फॉन्ट लागणार नाही. फक्त नंतर टाइप करून काही बदलता येत नाही."

"माझं नावसुद्धा?"

"तेसुद्धा."

"मग तेच कर. माझ्यासमोर."

छापणाऱ्याच्या पडद्यावर ह्यांची अक्षरं उमटली. तरी मी चष्मा लावून नाक टेकवलं. ‘ई’च्या शेपटीखाली रंगाचा ओघळ होता. ब्रश नीट निथळला नाही म्हणून मी तेव्हा ह्यांना फैलावर घेतलं होतं.

"हा कशाला ठेवलास?"

"तो काढला असता, तर तुम्ही मला घराबाहेर काढलं असतं."

बोर्ड लागला. शटर उघडताना मी रोज आधी ओघळ बघते. सुनेवर आता संशय नाही. न वाचता ओके दाबणाऱ्यांवर आहे.