सबहानं पेला हलवला नाही

सकाळी सातला फाटकापाशी गाडी लावून सबहा खाली उतरली, तेव्हा यादीवाल्या अबू नायिफनं आधी गाडीच्या पलीकडं डोकावून पाहिलं. मग आत पाहिलं. तिचा नवरा सुवैलिम कुठंच दिसेना.

"वहिनी, सुवैलिम कुठाय?"

"घरी आडवा पडलाय. चाक बदलताना पाठ धरली ती अजून सोडेना."

"मग गाडी कुणी आणली?"

"शेळ्यांनी आणली, भावजी. आळीपाळीनं चालवत आल्या."

फाटकाजवळ चहा पीत बसलेले चार-पाच ड्रायव्हर फिसकन हसले. अबू नायिफ मात्र हसला नाही. त्याच्या हातात नंबरांच्या यादीची वही होती, आणि वही हातात असली की तो सहसा हसत नसे.

त्या खोऱ्यात प्रत्येक बैतला, म्हणजे प्रत्येक घराला, अकरा दिवसांनी एकदा नंबर लागायचा. ज्याचा नंबर त्यानं त्या दिवशीचे पाहुणे गाडीत घालायचे आणि दिवसभर वाळवंट दाखवून सूर्य बुडायच्या आत आणून सोडायचे. लागोपाठ तीन नंबर चुकले की यादीतून घराचं नाव कटलं. सुवैलिमचे दोन चुकले होते. आज तिसरा. कटलेलं नाव परत चढल्याचं आजवर कुणी पाहिलं नव्हतं, कारण मागं अबू नायिफचेच दोन पुतणे नव्या गाड्या पुसत जागा रिकामी व्हायची वाट बघत होते. सबहाला मूलबाळ नाही. शेळ्या दुष्काळात निम्म्यावर आल्या. हा नंबर गेला तर नवरा-बायकोनं उचलायचं काय आणि जायचं कुठं?

"भावजी, एक खेप पुढं ढकला म्हणून परवा मी तुमच्या दारात आले होते," सबहा म्हणाली. "तेव्हा तुम्ही काय सांगितलंत?"

"सांगितलं ते सांगितलं. नंबर बैतचा असतो, माणसाचा नाही. माणूस आजारी पडला म्हणून नंबर थांबत नाही."

"बरोबर. मग बैतचा नंबर, बैतकडून मी आलेय."

"अहो, बैत म्हणजे घरचा पुरुष! हे काय शिकवायचं आता?" अबू नायिफनं वही मिटली. "उगाच हसं करून घेऊ नका. पाहुणे मी दुसऱ्याच्या गाडीत देतो."

पाहुणे म्हणजे पोर्तुगालहून आलेल्या दोन बहिणी होत्या, साठीच्या पुढच्या. थोरलीच्या डोक्यावर भलीमोठी गवताची टोपी, धाकटीच्या गळ्यात दुर्बीण. भांडण काय चाललंय ते त्यांना शब्दानं कळलं नाही, पण बाई एकीकडे आणि पाच-सहा पुरुष दुसरीकडे एवढं दिसत होतं. थोरली तिथून उठली ती सरळ सबहाच्या गाडीचं पुढचं दार उघडून आत बसली आणि तिनं पट्टा लावून घेतला. धाकटी मागं चढली.

"उतरवा आता," सबहा म्हणाली.

अबू नायिफच्या कानाच्या पाळ्या लाल झाल्या. "जा! फिरवून आणा! पण वहीत चढणार नाही, सांगून ठेवतो. संध्याकाळी सुवैलिमच्या नावावर काट."

सबहानं चपला काढून सीटखाली सरकवल्या. पायाखाली पत्रा लागल्याशिवाय तिला गाडी चालवता यायची नाही. वाळू सुरू व्हायच्या आधी उतरून, चाकं रुतू नयेत म्हणून चारही चाकांची हवा तिनं काडीनं कमी केली. हवेचा फुसफुस आवाज बदलला की पुरे, एवढंच तिचं माप. तेवढ्यात शेजारून हमूदची गाडी धुरळा उडवत गेली. हमूद म्हणजे अबू नायिफच्या त्या दोन पुतण्यांतला धाकटा, आज काकाच्या नंबरावर आलेला, वय चोवीस आणि जिभेला लगाम नाही.

"काकी, शेळ्या मागच्या सीटवर घेतल्यात का?"

"एक कमी भरतेय रे! तुझ्या गाडीत चढली का बघ, आवाज तिकडूनच येतोय!"

हमूदचे पाहुणे शहराकडचे, बोली कळणारे होते; तेच खो-खो हसले.

खोरं उघडलं. दोन्ही बाजूंनी लाल-तांबडे डोंगर, पायथ्याशी वाळूचे लोट, आणि सकाळचं ऊन एकाच बाजूनं आलेलं. धाकटी बहीण मागून सारखी "थांब, थांब" म्हणायची. सबहा थांबायची. ड्रायव्हर लोकांनी पाहुण्यांच्या सोयीसाठी खडकांना नावं पाडली होती: हत्ती, जहाज, राजाचा मुकुट. सबहाला त्या नावांची लाज वाटायची. हत्ती कुणाच्या बापानं पाहिला होता तिथं? तिच्या आईनं शेळ्यांमागं चालता चालता तिला खरी नावं शिकवली होती. ही 'निजलेली सासू'. ही 'दोघी भांडल्या ती खिंड'. आणि ते लांब, तिन्ही अंगांनी काळवंडलेलं, ती 'म्हातारीची चूल'.

"तिकडे जाऊ?" थोरलीनं विचारलं.

"दुपारनंतर," सबहा मोडक्यातोडक्या इंग्रजीत म्हणाली. "आता ऊन तिच्या पाठीला आहे. दुपारी समोरून ऊन पडलं की चूल पेटते. बघाच."

एका कपारीत तिनं त्यांना पाणी दाखवलं. ड्रायव्हर तिथं कधी थांबत नसत, कारण त्यांना ते ठाऊकच नव्हतं. अंजिराचं एक वेडंवाकडं झाड, मुळाशी हंडाभर गार पाणी आणि दगडावर कुणीतरी हजार वर्षांमागं कोरलेला उंट. थोरली त्या उंटाच्या पाठीवर बोट ठेवून कितीतरी वेळ नुसती उभी राहिली. धाकटी ओंजळीनं पाणी प्यायली आणि तिनं तोंड पुसलंच नाही. सबहाला फार बरं वाटलं. इतकी वर्षं ती या वाटांनी फिरली, पण हे दाखवावं असं कुणी भेटलंच नव्हतं.

आणि लगेच अबू नायिफची वही आठवली. हे सगळं करून संध्याकाळी काटच मारायची तर कशासाठी?

दुपारी सगळ्या गाड्या मोठ्या तंबूत थांबायच्या. शेळीच्या केसांच्या काळ्या पट्ट्यांचा लांबलचक तंबू, आत गाद्या, मध्ये निखारा. तिथं अबू नायिफ स्वतः येऊन पाहुण्यांना कॉफी पाजायचा. त्याचा तो रोजचा खेळच होता, आणि खरं सांगायचं तर तो खेळ झकास करायचा.

ड्रायव्हर मागं, दाराशी बसत. सबहा तिकडंच निघाली होती, पण थोरलीनं आपल्या शेजारच्या गादीवर थाप मारली. "इथं बस. दमलीस." सबहा बसली. बसल्यावर तिच्या ध्यानात आलं की ही गादी रांगेत अगदी उजव्या टोकाची आहे.

अबू नायिफ उभा राहिला. डाव्या हातात पितळी किटली, उजव्या हातात पेले.

"आमच्यात कॉफी उजवीकडनं सुरू होते," तो पाहुण्यांना सांगू लागला. "तिथं राजा बसलेला असो की भिकारी, चुकवायचं नाही. आणि पाहुणा पेला असा हलवत नाही तोवर यजमानानं ओतत राहायचं. हलवला की पुरे." त्यानं पेला मनगटात डावीउजवीकडं झुलवून दाखवला. "पण पाहुण्यानं पेला न पिताच खाली ठेवला, तर समजायचं, त्याचं काही मागणं आहे. ते दिल्याशिवाय तो पिणार नाही. आणि यजमानाच्या घरात पाहुणा तहानलेला उठला, तर त्याच्यासारखी दुसरी नाचक्की नाही! माझ्या आजोबांकडं असाच एक पाहुणा आला. ठेवला पेला. आजोबांनी आपली स्वतःची घोडी सोडून दिली!"

पाहुण्यांनी "वा" केलं. अबू नायिफ खुलला. नजर पाहुण्यांवर आणि तोंड गोष्टीत गुंतलेलं असताना हातानं आपसूक उजवीकडनं सुरुवात केली. पहिला पेला भरला, पुढं केला आणि सबहानं तो घेतला.

घेतल्यावर त्यानं पाहिलं, कुणाला दिलाय ते.

सबहाचा घसा सकाळपासून कोरडा होता. वेलदोड्याचा वास नाकात गेला आणि तोंडाला पाणी सुटलं. तिनं असं काही ठरवलं नव्हतं. पण हात पुढं गेला आणि तिनं पेला भरलेला तसाच समोर जमिनीवर ठेवला.

दाराशी बसलेले ड्रायव्हर माना उंचावून बघू लागले.

"ओ!" धाकटी बहीण टाळी वाजवून म्हणाली, "आत्ता सांगितलंत तेच ना हे?"

"तेच," सबहा म्हणाली. "आता त्यानं मला विचारायचं असतं."

अबू नायिफ दात-ओठ खात खाली वाकला आणि आपल्या बोलीत पुटपुटला, "वहिनी, पी मुकाट्यानं. मग बोलू."

"आधी बोलू. मग पिईन."

तंबूभर डोळे त्याच्याकडं लागले होते. किटली निवत होती. दुसऱ्या पाहुण्याकडं जावं तर पहिला पेला तसाच. त्यानं कसनुसं हसून म्हटलं, "माग."

"आजचा नंबर आमच्या बैतच्या नावावर चढव. आणि सुवैलिमची पाठ बरी होवो न होवो, इथून पुढं आमच्या नंबरावर मी येईन."

"सांगितलं ना सकाळी! बैत म्हणजे पुरुष..."

"कोणाचा रे बैत?" दाराकडून आवाज आला. अतीककाका, सगळ्यांत जुना ड्रायव्हर, दोन दात उरलेला. "बैत म्हणजे तंबू. आपल्या बापजाद्यांना तंबूशिवाय दुसरं घर होतं का? तंबू विणतं कोण? बाई. उभा कोण करतं? बाई. नवरा-बायकोचं वाजलं की बाहेर वाळूत कोण निजतं?"

"काका!" हमूद ओरडला, पण सगळेच हसत सुटले होते, कारण सगळेच कधी ना कधी बाहेर निजले होते.

"आणि आणखी एक," सबहा म्हणाली. तिनं वर बोट केलं. "तू ज्याखाली उभा आहेस ना, भावजी, त्यातल्या चार पट्ट्या मी विणल्यात. हव्या तर काढून नेते. मग ऊन पाज पाहुण्यांना."

अबू नायिफनं वर पाहिलं. मग पाहुण्यांकडं पाहिलं. घोडी देणाऱ्या आजोबांचा नातू होता शेवटी. "दिलं," तो म्हणाला. "दिलं, बाई. पी आता."

सबहानं पेला उचलला. कॉफी निवली होती. ती एका घोटात प्यायली आणि रिकामा पेला पुढं धरला. हलवला नाही.

त्यानं ओतली. ती प्यायली. पुन्हा पेला पुढं. त्यानं ओतली. तिसरा. चौथा.

"आता काय राहिलं?"

"लिही. माझ्यादेखत."

त्यानं किटली बगलेत धरली, वही काढली, लिहिलं. सबहानं मान पुढं करून पाहिलं. ती शाळेत गेली नव्हती, पण त्या यादीतलं एक नाव तिला ओळखता यायचं.

"हे सुवैलिम आहे. तो घरी पडलाय. जी आली तिचं लिही."

अबू नायिफ घुटमळला. चारचौघांत परक्या बाईचं नाव पुरुष तोंडानं घेत नसत. पोरगं असतं तर तिला अमक्याची आई म्हणता आलं असतं. ते नव्हतं. म्हणून तीस वर्षं सगळं खोरं तिला 'सुवैलिमच्या घरचं' म्हणत आलं होतं, जशी काही ती घरातली चटई.

"वहिनी, बाईमाणसाचं नाव असं... बरं दिसतं का?"

"लहानपणी विहिरीवर माझं करडू उधळलं की 'ए सबहा, ए सबहा' करून डोंगर दणाणून सोडायचास. तेव्हा बरं दिसत होतं?" तिनं पेला आणखी पुढं केला. "ओत."

पाचवा. किटली तळाला आली. रांगेतले पाहुणे रिकामे बसून होते आणि एकानंही कुरकुर केली नाही.

अबू नायिफनं सुवैलिमवर रेघ ओढली आणि शेजारी लिहिलं.

"वाच."

"सबहा," तो पुटपुटला.

"दाराशी ऐकू आलं नाही."

"सबहा!" तो ओरडला. "सबहा, सबहा! झालं समाधान?"

दाराशी अतीककाकानं मांडीवर थाप मारली. हमूद खाली बघत बसला.

सबहानं पेला डावीउजवीकडं दोनदा हलवला, त्याच्या हातात परत दिला आणि उठली. बाहेर ऊन कलायला लागलं होतं.

"चला, बायांनो," ती दोघी बहिणींना म्हणाली. "चूल पेटली असेल."