उशाकडची बाजू

शेषगिरी मास्तरांनी हुबळीच्या शाळेत छत्तीस वर्षं भूगोल शिकवला. फळ्याकडे न बघता ते खडूने अँडीज काढायचे. दोन वर्षांपूर्वी काचबिंदूने दृष्टी गेली, तेही त्यांनी मुकाट सोसलं. पण गेल्या महिन्यात त्यांनी लेकीला, मेधाला, हळूच विचारलं, "कॉकेशस काळ्या समुद्राच्या पूर्वेला की पश्चिमेला गं?" डोळ्यांपाठोपाठ आता मनातला नकाशाही पुसला जाऊ लागला होता.

मेधा भूशास्त्रात एम.एस्सी. अळणावरजवळच्या खेड्यात कौद्या, म्हणजे गोधड्या, शिवणाऱ्या लीलाक्काला तिने अप्पांसाठी कौदीवर शिवायला जगाचा नकाशा दिला. जमीन जुन्या इरकली साडीची, समुद्र गुळगुळीत पॉलिस्टरचा, आणि पर्वतांच्या जागी आत चिंध्यांच्या वळकट्या.

आज सकाळी लीलाक्का गाठोडं घेऊन देशपांडे नगरातल्या मास्तरांच्या घरी आली. कौदी जमिनीवर पसरली आणि मेधा खाली वाकली. लीलाक्का उशाकडच्या कडेला लाल पट्टी लावते. ती पट्टी अंटार्क्टिकाला लावली होती.

"अहो, उलटं झालं! नकाशात उत्तर वर असते."

"कागदावर आसंल अक्का. ही पांघरायची हाय न्हवं? उत्तरंला डोस्कं करून कोन निजतंय? मढं!"

"पण अप्पा पट्टी चाचपूनच वरची बाजू ठरवणार. सगळे पर्वत भलतीकडे लागले, तर त्यांना वाटेल आपणच विसरलो."

"मग मास्तरांनाच इचारू की."

"काय भांडताय गं?" आतून अप्पांनी हाक दिली. "आणा इकडं."

ते पलंगावर उशीला टेकून, पाय पसरून बसले होते. लीलाक्काने पट्टी त्यांच्या कमरेशी ठेवून कौदी पायांवर अंथरली.

अप्पांचा डावा हात पुढे सरकला. "हा लांबलचक कणा... अँडीज. पुढं रॉकी." उजवा हात कमरेजवळच थबकला. "हा ऑस्ट्रेलिया. ग्रेट डिव्हायडिंग रेंज."

एकही चुकलं नव्हतं. मेधाने पलंगाकडे नीट पाहिलं. उशी दक्षिणेला होती. म्हणजे बसलेल्या अप्पांचं तोंड उत्तरेला, डावा हात पश्चिमेला. सगळे पर्वत जगात जिकडे आहेत, तिकडेच पसरले होते. नकाशा वाचणारा बसणार कुठे, याचा विचार तिने केलाच नव्हता.

"हा आल्प्स. हा काळा समुद्र, हा कॅस्पियन. आणि मधे..." बोट थांबलं. "पूर्वेला! काळ्या समुद्राच्या पूर्वेला कॉकेशस!" आवाजात भरल्या वर्गाचा जोर होता.

लीलाक्का मेधाच्या कानाशी लागली. "झालो का पास?"

"तुम्ही झालात. मी नापास."

"उरल मात्र दोन बोटं पूर्वेला सरकलाय," अप्पा म्हणाले. "लीलाबाई, अर्धा गुण कापला."

"कापा की! उसवून परत घालते. पर च्या प्याल्यावर."

एवढ्यात अप्पांच्या हाताला उजव्या पावलावरचा सर्वांत जाड उंचवटा लागला. "अरे देवा, हिमालयाखाली पाय घालून बसलोय!" त्यांनी घाईघाईने पाय ओढून मांडी घातली, आणि लेकीचा हात धरून दुसऱ्या एका उंचवट्यावर ठेवला.

"डोळे मीट. हा कोणता?"

मेधाने चाचपलं. आफ्रिका असावी. "ॲटलस?"

"ॲटलस वर, उत्तरेला. हा तळाशी आहे, ड्रेकन्सबर्ग. एम.एस्सी. म्हणे!" अप्पांनी तिचा हात उचलून अँडीजशेजारच्या समुद्रात ठेवला. "चल, पहिल्यापासून."